गॅरेजमधला कुत्र्या-मांजरांच्या लघवीचा वास जाता जात नाही

उंबरठा

मंडळी, नव्या घराला लागून बंद गॅरेज आहे आणि आधी राहणाऱ्यांची जनावरं त्यात असायची. कुत्री नक्की होती, मांजरंही असावीत. घर बघायला आलो तेव्हा शटर सताड उघडं होतं आणि आत रूम फ्रेशनरचा एवढा घमघमाट होता की नाकाला दुसरं काही कळूच नये. तो उतरला आणि खरा वास वर आला.

हवा कोरडी असली की फारसं जाणवत नाही. दमट झाली, की शटर वर करताक्षणी भपकारा येतो, डोळे चुरचुरतात. खाली फरशी नाही, साधं काँक्रीट आहे. मधोमध सांधा, इकडेतिकडे भेगा. मागच्या भिंतीशी एक जुनं लाकडी कामाचं टेबल आहे, ते घराबरोबरच आलं.

साबणाच्या पाण्याने खसाखसा घासून झालं, फिनाइल झालं, बेकिंग सोडा पसरून झाला, व्हिनेगर शिंपडून झालं. दर वेळी थोडे दिवस बरे जातात आणि मग ये रे माझ्या मागल्या. आता घरात दोन पक्ष पडलेत. एक म्हणतो ब्लीच ओता, दुसरा म्हणतो वरून इपॉक्सीचा (कडक प्लॅस्टिकसारख्या लेपाचा) थर मारा आणि विषय मिटवा. कुणी हे निस्तरलंय का?

खटपट्या

आधी ब्लीच खाली ठेवा, मग पुढचं बोलू.

मुरलेल्या लघवीत अमोनिया असतो. त्यावर ब्लीच पडलं की क्लोरामाइन नावाचे वायू तयार होतात. डोळ्यांत, नाकात, घशात आग होते, खोकल्याची उबळ येते, आणि जागा बंद असेल तर थेट फुफ्फुसांवर बेततं. तुमचं गॅरेज बंद आहे आणि डोळे आत्ताच चुरचुरतायत, म्हणजे अमोनिया भरपूर आहे. वर तुम्ही व्हिनेगरही शिंपडून ठेवलंय. ब्लीच आणि आम्ल एकत्र आलं की क्लोरीन वायू सुटतो. दोन्ही बाजूंनी संकट.

आणि एवढं करून वास जात नाहीच. ब्लीच वरवर काम करतं, खाली मुरलेलं जिथल्या तिथे राहतं.

बिनकामाचा

सोपा उपाय: रूम फ्रेशनर आणा, शटर सताड उघडा आणि घर विकायला काढा. परंपरा पुढे चालू राहिली पाहिजे.

उंबरठा

बिनकामाचा, हा प्रस्ताव घरात मांडून झालाय. बहुमत मिळालं नाही.

खटपट्या, धन्स. ब्लीचची बाटली परत कपाटात गेली. पण व्हिनेगरने निदान तेवढ्यापुरतं तरी बरं वाटायचं, ते कशामुळे? आणि साध्या पाण्याने का जात नाही?

रेणूबंध

जरा सविस्तर लिहितो, कारण हे कळलं की अर्धे उपाय आपोआप बाद होतात.

ताज्या लघवीला तेवढा वास नसतो. तिच्यात मुख्यतः पाणी, युरिया आणि क्षार असतात. जमिनीवरच्या जिवाणूंकडे युरिएज नावाचं एन्झाइम असतं, ते युरिया फोडून अमोनिया आणि कार्बन डायऑक्साइड करतं. म्हणून डाग शिळा होईल तसा दर्प वाढतो. (अवांतर: शुद्ध स्फटिकरूपात मिळवलेलं पहिलं एन्झाइम म्हणजे हेच युरिएज. जेम्स समनर यांनी ते १९२६ मध्ये घेवड्याच्या जातीच्या एका शेंगेच्या बियांपासून वेगळं केलं आणि १९४६ च्या रसायनशास्त्राच्या नोबेलमध्ये त्यांचा वाटा होता.)

अमोनिया अल्कधर्मी आहे. व्हिनेगरमधलं आम्ल त्याला धरून ठेवतं, त्याचा अमोनियमचा क्षार होतो आणि क्षाराला वास नसतो. म्हणून तुम्हाला बरं वाटलं. पण खाली काँक्रीट आहे आणि काँक्रीट मुळातच अल्कधर्मी. ताज्या काँक्रीटच्या छिद्रांतल्या पाण्याचा पीएच १२ ते १३ असतो. जुन्या काँक्रीटचा वरचा थर हवेतल्या कार्बन डायऑक्साइडमुळे सौम्य होतो, आतला भाग तसाच राहतो. पीएच साधारण ९.२५ च्या वर गेला की निम्म्याहून जास्त अमोनिया क्षारातून सुटून मोकळा वायू होतो. म्हणजे वरून आम्लाने बांधायचं आणि खालून काँक्रीटने सोडायचं, असा खेळ चाललाय. शिवाय आम्ल काँक्रीटलाही खातं. पृष्ठभाग खरबरीत होतो आणि पुढची लघवी आणखी सहज मुरते.

बेकिंग सोडा स्वतः सौम्य अल्कधर्मी आहे, तो अमोनियाचं काहीही वाकडं करू शकत नाही.

दमट हवेत वास का उठतो, तर वाळलेले क्षार हवेतलं पाणी ओढतात, डाग पुन्हा ओलसर होतो, जिवाणू कामाला लागतात आणि आत अडकलेलं बाहेर निघायला वाट मिळते. तुम्ही पाण्याने पुसता तेव्हाही हेच होतं. पाणी क्षार घेऊन खाली उतरतं आणि वाळताना, दिव्याच्या वातीतून तेल चढावं तसं, ते सगळं घेऊन पुन्हा वर येतं.

मांजराची गोष्ट वेगळी आहे. तिच्या लघवीत फेलिनिन नावाचं गंधकयुक्त अमिनो आम्ल असतं. ते हळूहळू मोडून गंधकाची संयुगं तयार होतात, त्यांना थायॉल म्हणतात. बोक्याच्या लघवीचा तो नाकात बसणारा दर्प त्यांचा. अमोनिया उडून गेला तरी हा मागे राहतो आणि व्हिनेगर त्याला हातही लावत नाही.

एक गैरसमजही सांगून टाकतो. क्लीनरच्या जाहिरातींत युरिक आम्लाचे स्फटिक हाच एकमेव खलनायक असतो. माणसाच्या लघवीबाबत त्यात तथ्य आहे. बहुतेक कुत्र्या-मांजरांचं शरीर मात्र युरिक आम्लाचं रूपांतर अॅलंटॉइनमध्ये करतं आणि ते पाण्यात बरंच सहज विरघळतं. डाल्मेशियन हा प्रसिद्ध अपवाद. तेव्हा बाटलीवर स्फटिकाचं चित्र आहे म्हणून भुलू नका.

वाचनमात्र

या प्रतिसादासाठी वाचनखूण साठवली. व्हिनेगरच्या बाटल्या रिचवणाऱ्या समस्त मंडळींना हा धागा पाठवतेय.

गिलावा

फरशी आणि कोब्याच्या कामात बरीच वर्षं आहे, म्हणून दोन गोष्टी.

काँक्रीट डोळ्याला घट्ट दिसतं, पण आत बारीक छिद्रांचं जाळं असतं. त्यावर कधीच सीलर मारला नसेल तर लघवी मिलिमीटरांनी मुरते, आणि भेग किंवा सांधा असेल तर पार स्लॅबच्या खालच्या भरावापर्यंत जाते. पाण्याचे चार थेंब टाकून बघा. लगेच शोषले गेले आणि जागा काळपट झाली तर काँक्रीट उघडं आहे. थेंब तसेच उभे राहिले तर वर काहीतरी लावलेलं आहे, आणि मग औषधही आत जाणार नाही हे लक्षात ठेवा.

दुसरं, सगळं गॅरेज धुवायच्या मागे लागू नका. वास सगळीकडे भरलेला वाटतो, डाग ठरावीक जागी असतात. त्या जागा आधी शोधा. प्रेशर वॉशर तर अजिबात नको. तो डाग पसरवतो, भेगांत खोल ढकलतो आणि भिंतीच्या तळाशी पाणी मारून ठेवतो.

मनीमाऊची आई

शोधायला यूव्ही म्हणजे अतिनील प्रकाशाची टॉर्च लागेल. घेताना तरंगलांबी बघा. ३९५ नॅनोमीटरवाल्या स्वस्तातल्या टॉर्चचा जांभळा उजेड इतका पडतो की फिकट डाग त्यातच बुडतात. ३६५ वाली घ्या. रात्री, सगळे दिवे बंद करून, डोळे अंधाराला सरावले की हळूहळू फिरवायची. वाळलेली लघवी पिवळसर-हिरवट चमकते.

पण चमकतं ते सगळं लघवीच असं नाही हं. कपड्यांच्या पावडरीतली चकाकी आणणारी द्रव्यं निळसर पांढरी चमकतात, काही तेलंही चमकतात, आणि गॅरेजमध्ये तेलाला काय तोटा! आकारावरून कळतं. जमिनीवर थारोळ्यासारखा डाग म्हणजे बसून केलेली. भिंतीवरून खाली ओघळलेल्या रेघा म्हणजे मांजराने शेपूट उभारून मारलेली पिचकारी किंवा कुत्र्याने तंगडी वर केलेली. खडूने खुणा करत जा, दिवा लावला की काही दिसत नाही.

आणि नाक जमिनीजवळ न्या. लाज वाटते, पण टॉर्च जिथे चकवते तिथे नाक खरं सांगतं. फक्त सलग हुंगत बसू नका, नाक मरतं. बाहेर जाऊन मोकळी हवा घेऊन परत या, किंवा ज्याला या वासाची सवय नाही अशा पाहुण्याला कामाला लावा.

उंबरठा

टॉर्च आणली. काल रात्री मोहीम झाली.

मधला भाग, ज्यावर मी एवढे कष्ट उपसले, जवळजवळ स्वच्छ निघाला. खरी रांगोळी कडेला होती. मागच्या भिंतीच्या तळाशी गुडघ्याच्या खाली ओघळच ओघळ, एकावर एक, काही थेट फटीत उतरलेले. सांध्यात भरलेली काळी पट्टी अख्खी चमकत होती. लाकडी टेबलाचे मागचे दोन पाय खालून वीतभर पिवळे. आणि शटरच्या खालची रबरी पट्टी! तिच्या कोपऱ्यात नखाने जरा उचकटलं तर आत तपकिरी चिकट थर आणि असा दर्प, की मी मागे जाऊन बादलीवर आपटलो.

भिंतीच्या तळाला एका कोपऱ्यात पांढरा भुगाही आहे, बोटाला लागतो. तो चमकत नाही. ते काय?

गिलावा

तो लोणा. काँक्रीट किंवा विटेतून ओल बाहेर येते, बरोबर क्षार आणते, पाणी उडतं आणि क्षार वर राहतात. त्याचा जनावरांशी संबंध नाही, पण त्या कोपऱ्यात कुठून तरी पाणी येतंय एवढं नक्की. लक्षात ठेवा, पुढे कामाला येईल.

शटरची रबरी पट्टी धुण्यात वेळ घालवू नका. बदलाच. सांध्यातली पट्टी खरवडून काढा, आतलं साफ झाल्यावर नवीन भरता येईल.

चकाचक

एवढा खटाटोप कशाला? ओझोन मशीन भाड्याने आणा, रात्रभर लावा, सकाळी वास गायब. आमच्या गाडीतला सिगारेटचा वास असाच गेला.

खटपट्या

चकाचक, गाडीतला धुराचा वास आणि स्लॅबमध्ये मुरलेली लघवी यांत फरक आहे हो. ओझोन हवेत आणि पृष्ठभागावर काम करतो. खाली मुरलेल्यापर्यंत तो पोचत नाही, त्यामुळे हवा दमट झाली की वास परत.

दुसरं म्हणजे ओझोन फुफ्फुसांना घातक आहे. अमेरिकेच्या पर्यावरण संरक्षण संस्थेचं म्हणणंच असं आहे की आरोग्याच्या मर्यादेत राहील एवढ्या ओझोनने वास फारसा जात नाही, आणि जाईल एवढा सोडला तर ती मर्यादा ओलांडली जाते. उंबरठा यांचं गॅरेज घराला लागून आहे, दाराच्या फटीतून तो घरातही येणार. तिसरं खास गॅरेजसाठी: ओझोन रबराला तडे पाडतो. टायर, वायपर, बेल्ट, सगळं आत उभं.

चकाचक

टायरचं माहीत नव्हतं. प्रस्ताव मागे.

रेणूबंध

जागा सापडल्या, आता औषध. माझ्या मते इथे दोन हत्यारं आहेत, आणि दोन्ही एकाच वेळी वापरायची नाहीत.

पहिलं एन्झाइमवालं क्लीनर. बाजारात दोन तऱ्हा असतात. काहींत तयार एन्झाइम असतात, काहींत जिवाणू किंवा त्यांचे बीजाणू असतात आणि ते तिथे वाढून एन्झाइम तयार करतात. दुसऱ्या प्रकाराला वेळ जास्त लागतो, पण मुरलेल्या जागी तो जास्त वेळ काम करत राहतो. अटी तीन. आधी मारलेल्या फिनाइलचा, साबणाचा, व्हिनेगरचा अंश उरता कामा नये, नाहीतर जिवाणू आल्या आल्या गारद. साध्या पाण्याने धुवा आणि ते पाणी लगेच वेट व्हॅक्युमने ओढून घ्या, मुरू देऊ नका. गरम पाणी नको. आणि जागा ओली राहिली पाहिजे, एन्झाइमचं काम पाण्यातच चालतं, वाळलं की थांबलं.

लोक फसतात ते इथे. स्प्रेने चार फवारे मारतात आणि फडक्याने पुसतात. लघवी जिथवर उतरली तिथवर द्रावण उतरलं पाहिजे. म्हणजे शिंपडायचं नाही, ओतायचं. डागाच्या कडेपासून वीतभर बाहेरपर्यंत भिजवा, वर प्लॅस्टिकचा कागद टाका, कडा दाबून ठेवा आणि बाटलीवर सांगितलेल्या वेळेपेक्षा जास्तच राहू द्या. मध्ये उचलून बघा, कोरडं पडत असेल तर आणखी ओता. हवा गार असेल तर हे सगळं मंद चालतं. मधल्या काळात वास वाढल्यासारखा वाटेल, घाबरू नका. जुना डाग ओला झालाय, अमोनिया सुटणारच. शटर उघडं ठेवा.

दुसरं हत्यार हायड्रोजन पेरॉक्साइड, औषधांच्या दुकानात मिळणारं ३ टक्क्यांचं. हे मुख्यतः मांजराच्या गंधकाच्या वासासाठी. पॉल क्रेबॉम या रसायनतज्ज्ञाने १९९३ मध्ये स्कंकच्या (घाण वासाचा फवारा मारणाऱ्या अमेरिकेतल्या प्राण्याच्या) वासावर एक मिश्रण प्रसिद्ध केलं. तिथेही गुन्हेगार थायॉलच. साधारण एक लिटर पेरॉक्साइड, पाव कप बेकिंग सोडा, एक-दोन चमचे भांड्यांचा द्रव साबण. इथे सोडा वास शोषायला नाही, त्याच्या अल्कधर्मी माध्यमात पेरॉक्साइड थायॉलचं ऑक्सिडीकरण झपाट्याने करतं. त्याने गंधकाच्या संयुगांचं रूप बदलतं आणि त्यांना वास राहत नाही.

हे मिश्रण लागेल तेवढंच, लागेल तेव्हाच करायचं. उरलेलं बाटलीत भरून झाकण लावलंत तर ऑक्सिजनच्या दाबाने बाटली फुटेल. हातमोजे आणि चष्मा घाला. व्हिनेगरमध्ये मिसळू नका, त्यातून पेरॅसिटिक आम्ल होतं आणि तेही झोंबणारं. रंगीत भिंतीवर आधी कोपऱ्यात करून बघा, रंग उडतो.

पेरॉक्साइड जिवाणूंनाही मारतं. म्हणून आधी एन्झाइम, ते पूर्ण वाळू द्या, मग जिथे बोक्याचा दर्प उरला असेल तिथेच पेरॉक्साइड.

पाऊलखुणा

मध्येच तोंड घालते. वास कुत्र्या-मांजरांचाच आहे याची खात्री आहे ना? बंद गॅरेजमध्ये उंदरांचाही असा कुबट, अमोनियासारखा वास येतो. माळ्यावर, खोक्यांच्या मागे लेंड्या दिसतात का बघा. दिसल्या तर कोरड्या झाडू नका. उंदरांच्या वाळलेल्या लघवी-लेंड्यांची धूळ श्वासातून गेली तर काही ठिकाणी हंता विषाणूचा धोका असतो. ओलं करून, मास्क घालून उचलायचं.

उंबरठा

पाऊलखुणा, माळा बघितला, उंदीर नाहीत. कोळी मात्र सुखात आहेत.

एक नवीन भानगड. आमचा स्वतःचा बोका घरातच असतो, पण सफाईच्या वेळी गॅरेजमध्ये शिरला आणि बरोब्बर त्या टेबलाच्या पायाशी जाऊन पिचकारी मारून आला. घरात असलं कधी करत नाही.

गुरांचा डॉक्टर

नाव गुरांचं असलं तरी मांजरंही बघतो.

त्याने केलं ते त्याच्या दृष्टीने बरोबरच आहे. तिथे दुसऱ्या जनावरांच्या खुणा आहेत, त्याने आपली सही केली. खच्चीकरण झालेलं नसेल तर करून घ्या. बहुतेक बोक्यांमध्ये पिचकारी त्याने थांबते किंवा खूप कमी होते, आणि लघवीचा उग्रपणाही उतरतो. वास पूर्ण जाईपर्यंत त्याला तिकडे सोडू नका. अमोनिया असलेली क्लीनर वापरू नका, मांजराला तो लघवीच्याच जातीचा वास वाटतो.

फिनाइलबद्दल बोलायचंच होतं. फिनॉलसारखी द्रव्यं मांजराच्या यकृताला नीट निकामी करता येत नाहीत. पुसलेल्या जमिनीवरून चालतं, मग पंजे चाटतं, आणि विष पोटात जातं. मांजर असलेल्या घरात फिनाइल नकोच. वास मारायला लोक टी-ट्री वगैरे सुगंधी तेलं शिंपडतात, तीही नकोत. आणि गॅरेज आहे म्हणून सांगतो, इंजिनात घालायच्या कूलंटचे थेंब जमिनीवर पडले असतील तर लगेच पुसा. त्यातलं इथिलीन ग्लायकॉल गोडसर असतं, थोडं चाटलं तरी मूत्रपिंडं निकामी होतात.

एक इशारा, तुमच्या बोक्यासाठीच नव्हे तर वाचणाऱ्या सगळ्यांसाठी. बोका पुन्हा पुन्हा बसतोय, कळ काढतोय, ओरडतोय आणि लघवी होत नाहीये किंवा थेंबच येतायत, तर ही खोड नाही. मूत्रमार्ग तुंबलाय. त्याच दिवशी, रात्र असली तरी, दवाखान्यात न्या. एक-दोन दिवसांत जीव जातो. तसंच जनावर एकाएकी जास्त पाणी पिऊन जास्त लघवी करायला लागलं तर मधुमेह आणि मूत्रपिंडाची तपासणी करून घ्या.

मनीमाऊची आई

डॉक्टरसाहेबांना अनुमोदन. आणि जितकी मांजरं, त्याहून एक जास्त लिटर बॉक्स (मांजराच्या शी-शूची पेटी), हा हिशेब पाळा. आमच्याकडचे निम्मे प्रश्न तिथेच सुटले.

उंबरठा

डॉक्टर, त्याचं खच्चीकरण बाकी होतं, वेळ घेतली आहे. कूलंटचा एक जुना डाग होता, तोही काढला.

सफाईचा वृत्तांत. शटरची पट्टी बदलली आणि तेवढ्यानेच खूप फरक पडला. सांध्यातली पट्टी स्क्रेपरने खरवडली, आतून ओला काळा गाळ निघाला, तो व्हॅक्युमने ओढला. रेणूबंध यांनी सांगितल्याप्रमाणे भिंतीच्या कडेने द्रावण ओतून प्लॅस्टिक टाकलं. पहिल्या रात्री वास असा काही उठला की घरातून निदर्शनं झाली. पण प्लॅस्टिक काढून जागा पूर्ण वाळल्यावर कडेचा वास बराचसा गेलेला. दोन जागी उरला होता, तिथे पुन्हा ओतलं. मागच्या भिंतीवर बोक्याचा दर्प शिल्लक होता, तिथे पेरॉक्साइडचं मिश्रण लावलं. फेस आला, रंग थोडा उडाला, वास गेला.

टेबलाचे पाय मात्र दाद देत नाहीत. लाकूड आहे, आडवा छेद थेट जमिनीवर टेकलेला.

गिलावा

लाकडाचा आडवा छेद सगळ्यात जास्त शोषतो, तिथे लाकडाच्या तंतूंची तोंडं उघडी असतात. टेबल ठेवायचं असेल तर पिवळा भाग कापून टाका आणि खाली धातूचे किंवा प्लॅस्टिकचे पाय लावा. पाय तोकडे होतील तेवढी उंची भरून निघेल. लाकूड वाचवण्यात अर्थ नाही.

आता इपॉक्सी. घरातल्या त्या पक्षाचं म्हणणं सगळंच चूक नाही, फक्त क्रम चुकतोय. वास शिल्लक असताना वरून थर मारला तर तो खाली कोंडला जातो, कडेने आणि भेगांतून वाट काढतो. क्षार आणि ओल असलेल्या काँक्रीटवर इपॉक्सी धरतही नाही, पापुद्रे सुटतात. आणि मग वास, पापुद्रे आणि खर्च असे तीन प्रश्न होतात.

स्वच्छ झाल्यावर मात्र थर जरूर द्या, कारण पुढे कधी काही सांडलं तर ते वरच राहील. दोन प्रकार लक्षात घ्या. सिलेन-सिलोक्झेनवाला सीलर आत मुरतो आणि पाणी अडवतो, पण बाष्प जाऊ देतो. त्यामुळे उरलेला वास त्याने बंद होत नाही. इपॉक्सी किंवा पॉलियुरेथेनचा थर वरून कातडीसारखा बसतो, तो वास आणि पाणी दोन्ही अडवतो. जनावरं असणाऱ्या जागी मी दुसरा सुचवेन. आधी पृष्ठभाग ग्राइंडरने खरबरीत करावा लागतो. ती धूळ सिलिकाची असते, फुफ्फुसात गेली की परत येत नाही, तेव्हा व्हॅक्युम जोडलेला ग्राइंडर आणि चांगला मास्क. हे काम माणसाला बोलावून करून घेतलेलं बरं.

त्याआधी ओल तपासा. साधारण दीड फूट लांबी-रुंदीचा जाड पारदर्शक प्लॅस्टिकचा तुकडा चारी बाजूंनी टेपने जमिनीला घट्ट चिकटवा, किमान १६ तास ठेवा. खाली पाण्याचे थेंब आले किंवा काँक्रीट काळपट झालं तर खालून ओल येतेय. मध्ये एक लावा, सांध्याजवळ एक, आणि त्या लोण्याच्या कोपऱ्यात एक.

बिनकामाचा

लोण्याच्या कोपऱ्यात! मांजर तिथेच का जातं ते आता कळलं.

उंबरठा

:-)

निकाल आला. मध्ये कोरडं, सांध्याजवळ कोरडं. लोणा असलेल्या कोपऱ्यात प्लॅस्टिकच्या आतून दव पडल्यासारखे थेंब आणि खाली जमीन काळी. भिंतीच्या बाहेरून बघितलं तर नेमकं तिथेच छपराचं पाणी उतरवणारा पाइप संपतो, आणि पाणी भिंतीच्या पायाशीच पडतं. जमिनीचा उतारही भिंतीकडेच आहे.

गिलावा

मग दमट हवेत वास का उठायचा याचं अर्धं उत्तर तिथे आहे. खालून रोज पाणी मिळत होतं, वर कितीही पुसा.

पाइपला वाढीव तुकडा जोडून पाणी भिंतीपासून निदान चार-पाच फूट लांब सोडा. भिंतीलगत माती भरून उतार बाहेरच्या दिशेने करा. लोणा कोरड्या ब्रशने झाडून घ्या, पाण्याने धुतलात तर क्षार पुन्हा आत जातील. मग कोपरा नुसता सुकू द्या. काँक्रीट सावकाश सुकतं, घाई नको. जोरदार पाऊस पडून गेल्यावर प्लॅस्टिकची तीच चाचणी पुन्हा करा. तेव्हा कोरडं निघालं तर ग्राइंडरवाल्याला फोन लावा, तोवर नाही.

उंबरठा

पाइपचा तुकडा आणलाय, रविवारी जोडतो. इपॉक्सीवाल्या पक्षाला थांबायला सांगितलंय, ते आता रंगाचं कार्ड घेऊन बसलेत.